कोऱ्या जागा

अंक छापण्याआधी सरकारी तपासनीस लाल शाईने ओळी खोडायचा आणि संपादक म्हणून बाबा तेवढी जागा मासिकात कोरीच सोडायचे. बगदादभर थट्टा चालायची, "हिकमत उस्तादांचा अंक घ्या, किराण्याची यादी लिहायला बरा पडतो!" तीस वर्षं बाबा त्यावर नुसतं हसले.

बाबा गेले त्याच्या तिसऱ्या दिवशी, सांत्वनाला आलेली माणसं पांगल्यावर, एक अनोळखी म्हातारा आला. कडू कॉफीचा कप हातात घेऊन हळूच म्हणाला, "मुली, ती लाल शाई माझी."

मी कप काढूनच घेतला. "मग आता काय खोडायला आलात? थडग्यावरचं नाव?"

त्याने कोटाखालून एक फुगलेली फाईल काढली. "खोडलेली पानं जाळायचा हुकूम होता. मी सगळी घरी दडवली. तुझ्या बाबांना पूर्ण वाचलेला माणूस मी एकटाच. भेटायची हिंमत मात्र झाली नाही."

मी सगळ्यात वरचं, शेवटच्या अंकाचं पान उचललं. वरपासून खालपर्यंत लाल. समासात बाबांचं बारीक अक्षर होतं: "हे तुम्ही खोडणारच. तुमच्यासाठीच लिहिलंय. सावकाश वाचा."