वडिलांचा चेहरा

“दादा, जरा हलू नका हं,” म्हणत श्वेतानं राजेशच्या शर्टाला माइक लावला, आणि बेचाळीस वर्षांचा तो गडी घामाघूम झाला.

भांडुपच्या एका बंद कारखान्यावर ती माहितीपट काढत होती. कामगारांच्या घरचेच त्यात बोलणार होते. पण राजेशला पडद्यावर झळकायची कसली हौस! श्वेताला कारखान्यातल्या खंडेनवमीची जुनी फिल्म सापडली होती, आणि तीत त्याचे वडील होते. ते काविळीनं गेले तेव्हा राजेश आईच्या पोटात होता. घरात एक फोटो म्हणून नाही. वाळवीनं खाल्ले, असं आई सांगायची.

मुलुंडच्या त्यांच्या खोलीत कॅमेरा सुरू झाला.

“आजी, तुमच्या मिस्टरांचं नाव?”

“गुणाजी परब,” राजेशची आई रुक्मिणी ताडकन म्हणाली. “लेथवर होता. भला माणूस.”

“आठवण येते?”

“येते की. गेलेल्या माणसाची येतेच.”

राजेश मनातल्या मनात चरफडला. आई ही अशीच, कोरडी ठाक. आज तरी दोन शब्द जास्त बोलावेत ना!

श्वेतानं लॅपटॉप पुढं केला. झेंडूच्या माळा घातलेलं मशीन, आणि पुढं दोन तरुण. एक नारळ फोडत होता.

“हा गुणाजी,” आईनं त्याच्यावर बोट ठेवलं.

राजेश वाकला. ज्या चेहऱ्यासाठी जन्मभर जीव तुटला, तो हाच! त्यानं कपाळ पाहिलं, नाक पाहिलं, हनुवटी पाहिली. आपल्याशी काही म्हणजे काही जुळेना. तरी डोळे भरून आले. बाप तो बाप. त्यानं पडद्याला हात जोडले.

“आणि शेजारचे?”

“धोंडिरामकाका!” राजेश डोळे पुसत म्हणाला. “समोरच्याच खोलीत राहायचे. लग्न नाही केलं. गेल्या वर्षी वारले. जवळचं कोणी नव्हतं, मग अग्नी मीच दिला.”

“तुम्ही नका सांगू दादा, आजींच्या तोंडून नाव हवंय,” श्वेता म्हणाली. “आजी, कॅमेऱ्याकडे बघा. कोण हे?”

रुक्मिणी पडद्याकडेच बघत राहिली. मग तिनं डोक्यावरून पदर घेतला.

“त्यांचं नाव मी कसं घेऊ गो?”