सहावं पोर

पाटा-वरवंटा धुऊन मांडला होता, पुढ्यात कोरा कागद आणि पेन ठेवून झालं होतं, तरी भिमाबाई खाटेवरून हलायला तयार नव्हती. आज बाळाची पाचवी. दिवेलागण झाली की सटवाई येणार आणि त्याच्या कपाळी काय ते लिहून जाणार.

चिंधाला कपाळापेक्षा श्वासाची काळजी होती. सामरवरणीच्या याच खोलीत त्याच्या बायकोची, दुर्गाची, दोन पोरं गेली होती. एक आठव्या दिवशी, एक विसाव्या. हे तिसरं. सिल्वासाच्या धागा कंपनीत सुपरवायझरच्या हातापाया पडून त्यानं चार दिवसांची छुट्टी काढली आणि अमळनेरकडच्या गावाहून आईला घेऊन आला. सटवाईला फसवलेली एवढी एकच बाई त्याच्या माहितीत होती.

भिमाबाईची पहिली पाच पोरं पाळण्यातच गेली. सहावं झालं तेव्हा तिनं त्याला सुपात घातलं आणि पसाभर बाजरीला आपल्या बहिणीला, मंजुळाबाईला विकलं. नाव ठेवलं चिंधा. दुसऱ्याचं पोर, त्यातून चिंधी! सटवाईनं ढुंकून पाहिलं नाही. ही गोष्ट चिंधानं इतक्या वेळा ऐकली होती, की त्याला ती बाजरीसुद्धा आठवत असल्यासारखी वाटायची.

येताना दोघं मंजुळाबाईकडे थांबले होते. तिचा सुकदेव एस.टी. सुटेपर्यंत खिडकीशी उभा होता, आणि त्याचा हात धरून भिमाबाईनं इतकं रडून घेतलं, की शेजारच्या सीटवर चिंधा ओशाळला. मावशीच्या पोरावर तिचा पहिल्यापासूनच जास्त जीव. आखाजीच्या सणाला नवा सदरा त्याला, जुना चिंधाला. तो त्यावरून तिला चिडवायचा. ती कधी हसायची नाही.

"माय, ऊठ ना," तो म्हणाला. "शेजारच्या सरितावहिनी कवाच्या तयार आहेत. बाजरी बी आणून ठेवलीय. तू फक्त पोर त्यांच्या पदरात टाक."

"करू," भिमाबाई म्हणाली आणि भिंतीकडे तोंड करून पडली.

तेवढ्यात भास्कर सर झबलं घेऊन आले. हे मूळचे राजापूरचे, इथल्या शाळेत इतिहास शिकवायचे आणि रविवारी चिंधाला लिहायला-वाचायला. मांडलेला वरवंटा पाहून त्यांना हसू आलं.

"आमच्याकडे बारशाला याला कुंची घालून बाळाआधी पाळण्यात निजवतात. आणि गंमत सांगू? ग्रीस देशात तर देवांच्या घरीच असं झालं होतं."

विषय मिळाला की मास्तरांना चहा गार झालेला चालतो. ते सांगत सुटले. क्रोनस नावाचा देवांचा राजा. पोटचं पोरच आपल्याला गादीवरून उतरवणार हे त्याला कळलेलं. म्हणून बायको बाळंत झाली, की हा पोर गिळायचा. अशी पाच गिळली. सहाव्या खेपेला तिनं पोर लांबच्या बेटावर लपवलं आणि दगडाला कापडात गुंडाळून नवऱ्याच्या हातात दिलं. त्यानं तेच गिळलं. वाचलेलं पोर म्हणजे झ्यूस. पुढे तोच राजा झाला.

"पाच गेली, सहावं वाचलं?" चिंधा आनंदानं ओरडला. "सर, हे तर माझंच की! चिंध्या बी आहेत त्याच्यात!"

बाजेवर पडल्या पडल्या दुर्गा हसली. बाळंत झाल्यापासून पहिल्यांदाच.

भिमाबाई उठून बसली. "मास्तर, त्या दगडाचं काय झालं?"

सर थबकले. इतक्या वर्षांत एकाही पोरानं त्यांना हे विचारलं नव्हतं. "राहिला बापाच्या पोटात. पुढे त्यानं तो ओकून टाकला. मग म्हणे लोकांनी देवळात ठेवला, तेल घालायचे त्याच्यावर."

"म्हंजे वाचला."

"दगडच तो, आजी. त्याला काय होणार?"

सर गेले. बाहेर ऊन उतरलं होतं. चिंधाला आता राहवेना. तो तिच्या पायाशी बसला.

"माय, पाया पडतो. हे पोर गेलं तर दुर्गा जगायची नाही. तू माझ्यासाठी केलंस तेच कर."

"बाजरीनं काही व्हत नाही," भिमाबाई हलक्या आवाजात म्हणाली. "पोर दिलं की पाळणा रिकामा दिसतो. रिकामा दिसला की ती पोराचा माग काढत जाते. तिच्यासाठी पाळण्यात काहीतरी ठेवावं लागतं."

"मग हा वरवंटा ठेवू."

"ती काय मास्तरच्या राजासारखी येडी आहे? तिला रडणारं लागतं. ज्याच्यामागं रडायला कुणी नाही, असं. मजुरीला आलेली एक बाई बाळंतपणातच गेली व्हती. तिचं ठेवलं मी. पाच रात्री जागून वाट पाहिली, कधी नेते म्हणून. देवा, कशी आई मी!"

आपल्यापायी कुणा बिनआईच्या पोराचा जीव गेला, हे चिंधाला सोसवेना.

"माय... ते गेलं?"

"नाही. माझा सुकदेव बी वाचला, ते बी वाचलं," भिमाबाई म्हणाली. "अन् आता माझ्या पायाशी बसून म्हणतंय, माय, तू माझ्यासाठी केलंस तेच कर."