बापाची भूमिका

"दयारामबुवा आल्याशिवाय सिनेमा लागणार नाही," चारुता म्हणाली.

निनाद प्रोजेक्टरच्या वायरी जोडत होता. कोन गावातल्या या रिकाम्या गोदामात त्याने पांढरी चादर ताणली होती. त्याचे सिनेमे असेच लागत. सेन्सॉर नाही, थिएटर नाही, निरोपावर माणसं जमत.

"स्वतःच्या बापाला बोलावून मार खायचाय का? टाळकरी घेऊन येतोय तो. गोदाम भाड्याचं आहे, बाई."

"येऊ दे. मला हाकललं तेव्हा त्याने ओटीवर अख्खी आळी जमवली होती. मलाही साक्षीदार हवेतच."

तेव्हा तिचं नाव बाळू होतं. मिसरूडही फुटलं नव्हतं आणि अंगावर आईचं लुगडं होतं. बुवा नुकतेच कीर्तन आटोपून आले होते, कपाळावर बुक्का तसाच. हरिनाम घेतलेल्या त्याच तोंडाने ते जे बोलले, ते तिने सिनेमात जसंच्या तसं घातलं होतं.

आजवर निनादने तिला साडीतलीच कामं दिली होती. मार खाणारी, नाहीतर रडणारी. या वेळी तिने ठणकावलं होतं, "रडायला दुसऱ्या कोणाला घे. मी बाप करते."

"फेटा-मिशी लावल्यावर थेट त्याच्यासारखी दिसतेस गं," निनाद म्हणाला. "काय सांगून बोलावलंस त्याला?"

"कीर्तनाचा सिनेमा आहे म्हणून निरोप धाडला. खोटं आहे का?"

"आणि तुला नक्की हवंय काय?"

"त्याची मान खाली गेलेली बघायचीय. सगळ्यांसमोर."

बुवा आले. थकले होते, पण उपरणं परीटघडीचं. पुढच्याच सतरंजीवर बसले. चारुता मागे दाराशी उभी राहिली, पदर घट्ट खोचून.

टाळ लागले, मृदंग बोलू लागला आणि चादरीवर कीर्तनकार उभा राहिला. तीच ताठ मान, हात उंचावण्याचा तोच डौल. गळा मात्र बापाहून गोड. विठ्ठलनामाचा गजर असा चढला, की टाळकऱ्यांनी बसल्या जागी टाळ्या धरल्या. दयारामबुवा उठले, चादरीपुढे गेले आणि त्यांनी गुडघे टेकले.

निनादने चारुताकडे पाहिलं.

"तो नमस्कार गादीला आहे," ती कुजबुजली. "नारदाच्या गादीवर उभा राहील त्याच्या पाया बापही पडतो. तू पुढचं बघ."

पुढे कीर्तनकार घरी आला. ओटीवर लुगडं नेसलेलं पोर उभं होतं.

"या घरात पोरगा ऱ्हाईल, नायतर कोन नाय!" चादरीवरचा बाप गरजला. "तू मेलास आमाला!"

बुवांची मान खाली गेली. खांदे हलू लागले. त्यांनी उपरण्याचा बोळा तोंडात कोंबला.

"रड," चारुता दात आवळून म्हणाली. "मी काय कमी रडले?"

दिवे लागले तसे बुवा माणसांतून वाट काढत सरळ दाराकडे आले. तिच्यासमोर थांबले. डोळे लाल होते. इतक्या वर्षांचं बोलणं तिने मनात घोळवून ठेवलं होतं. ते बोलायला तिने तोंड उघडलं.

बुवांनी हात जोडले.

"ताई, तुमी या सिनेमावाल्यांतल्याच ना? तो बुवा झालाय ना, तो माजा पोरगा हाय. बाळू. त्याला निरोप द्या. म्हनावं, बापाचा शब्द न् शब्द तू ध्यानात ठेवलास, तुला माजं म्हननं पटलं. बरा झालास. आता घरी ये."

त्यांनी डोळे पुसले, दोन पावलं गेले आणि पुन्हा वळले.

"आन् सांगा, लग्नाची काळजी करू नको म्हनावं. तुमच्यासारखीच एखादी गुनाची पोरगी बघतो त्याला."