मालक बाहेर गेल्यावर

लालबागच्या आपल्या दवाखान्यात डॉक्टर ऋताने एक पद्धत पाडली होती. जनावराचं दुखणं कळेना की मालकाला बाहेर बाकावर बसवायचं आणि जनावराकडे नुसतं बघत राहायचं.

कुशाबांचा कुत्रा टिप्या आठ वर्षं तिच्याकडे येत होता. आज तो शेपूट पायांत घालून थरथरत होता, मालकाचा हात अंगाला लागू देत नव्हता.

"परवापासून अन्नाला शिवला नाय," कुशाबा म्हणाले. ऋताने त्यांना बाहेर पाठवलं.

दार लागलं तशी टिप्याची थरथर थांबली. त्याने पाणी संपवलं, बिस्किटं खाल्ली. ऋताचं डोकं तडकलं. म्हातारा मारतो की काय याला?

तेवढ्यात मोबाइल वाजला. कुशाबांचंच नाव. बाहेर बसून फोन कसले करतात, असं पुटपुटत तिने स्पीकर लावला.

"डॉक्टरीणबाई, मी कणकवलीहून बोलतोय. परवा गावाक आलोय. टिप्याला शेजारी ठेवलेला, तो सकाळपासून सापडत नाय. तुमच्याकडं आलाय काय?"

आवाज ऐकताच टिप्या फोनकडे झेपावला. शेपूट हलवत, फोनला चाटत आनंदाने कुंईकुंई करू लागला.

मग एकाएकी गप्प झाला. दारावरची नजर न काढता, पोट जमिनीला घासत टेबलाखाली शिरला.

"झालं काय, डॉक्टरीणबाई?" दाराबाहेरून तोच आवाज आला.

दाराची मूठ फिरली.

ऋता टेबलाखाली टिप्याला बिलगून कधी बसली, ते तिचं तिलाच कळलं नाही.