कोनाले बोलू नको

सोयाबीन सोंगून प्रणिता घरी आली, तेव्हा ओसरीत तिला स्वतःचाच आवाज ऐकू आला. "वैशाली, सोमवारी बुलढाण्याले नर्सिंगची ॲडमिशन हाय. घरी सांगन, माहेरी चालली म्हून. कोनाले बोलू नको वं." नवऱ्याचा मोबाईल सासूच्या हातात होता. "तुहाच आवाज हाय न?" सासूने विचारलं. प्रणिताची बारावीची मार्कशीट कपाटात टाकून सासूने कुलूप लावलं आणि किल्ली कमरेला खोचली. हा व्हॉइस मेसेज प्रणिताने फक्त शेजारच्या वैशालीला पाठवला होता. दोघी एकाच वर्षी सुलतानपुरात नांदायला आल्या. माहेरची आठवण आली की एकमेकींजवळच रडायच्या. प्रणिता धावत वैशालीकडे गेली. "मह्या नवऱ्याले काऊन पाठवला?" वैशाली भाकरी थापत होती. "तू चालली गेली असती, तं या गल्लीत मले कोन होतं?" तिने बसायला पाट पुढे सरकवला. प्रणिता उंबऱ्याबाहेरच उभी राहिली.