चहापानानंतर

त्या रविवारच्या सभेतून भालचंद्रांना एकच गोष्ट पदरात पाडून घ्यायची होती : इतिवृत्ताच्या वहीत बायकोच्या, चंद्रप्रभाच्या नावाचा चार ओळींचा शोकठराव. खासदारकी वगैरे मागण्याची वेळ अठ्ठ्याण्णव सालच्या समाजवाद्यांवर येतच नव्हती. तिला जाऊन अठरा दिवस झाले होते. पण ठराव झाल्याशिवाय माणूस गेलं असं भालचंद्रांना वाटत नसे.

पहाडगंजातल्या पक्षाच्या खोलीत अकराला ते एकटेच होते. साडेअकराला गाझियाबादहून राजाभाऊ आले. कार्यकारिणी नऊ जणांची, गणसंख्या पाच. दोघांनी सभा अर्ध्या तासासाठी तहकूब केली. तहकुबीनंतर भरणाऱ्या सभेला गणसंख्या लागत नाही. मग अर्धा तास दोघे न बोलता बसून राहिले. सभा तहकूब होती ना.

बाराला भालचंद्र उभे राहिले, राजाभाऊंकडे पाहून "सभासद बंधूंनो" म्हणाले आणि ठराव वाचला.

"अनुमोदन?"

राजाभाऊंचा हात वर गेला आणि अर्ध्यावर थांबला. "यार भालचंद्र, वहिनी सभासद होत्या ना? शोकठराव फक्त सभासदाचा. त्या गिरणीमालकाचा ठराव अडवायला एकोणसत्तरात तूच नियम आणलास. त्याला अनुमोदन माझं होतं."

"काहीतरीच! चंद्रप्रभा सभासद नाही तर कोण?"

भालचंद्रांनी नोंदवही उघडली. दिल्लीतलं एकूण एक नाव त्यांच्याच अक्षरात. तांगेवाले, शिंपी, छापखान्यातले कंपोझिटर. एकदा तर त्यांनी पाळतीवरच्या हवालदारालाही सभासद करून घेतलं होतं. चंद्रप्रभा कुठेच नव्हती.

"सरकारी नोकरी होती तिची," ते म्हणाले. "पक्षात यायला बंदी. आणि आणीबाणीत मी एकोणीस महिने तुरुंगात, तेव्हा ती नोकरी नसती तर..."

"बिल्कुल. पण रिटायर कधी झाल्या?"

"शहाऐंशीत."

"म्हणजे बारा वर्षं झाली. विचारलं नाहीस?"

"तू विचारलंस?"

"मला वाटलं, फॉर्म तुझ्या घरातच असतात."

खाली कुणीतरी हॉटेलच्या गिऱ्हाइकाला हाका मारत होतं. राजाभाऊ खुर्ची ओढून जवळ आले. "अरे, नियम बदलू. दोघंच तर आहोत. एकमत आहे."

"त्याला अधिवेशन लागतं," भालचंद्र म्हणाले.

मग ते जुनी इतिवृत्तं उलटत बसले. कुठे तरी तिचं नाव असेल. नव्हतं. पक्ष तीनदा फुटला होता, दोनदा विलीन झाला होता, चिटणीस बदलले, शाई बदलली. प्रत्येक सभेची शेवटची ओळ मात्र तीच : 'चहापानानंतर सभा संपली.' ऑफिस सुटलं की चंद्रप्रभा थेट इथे यायची. कोपऱ्यातला वातीचा स्टोव्ह तिच्याशिवाय कुणाकडून पेटत नसे. त्यावरची किटली अजून तिनेच पालथी घातलेली होती.

राजाभाऊंनी कोरडा घसा खाकरला, कोपऱ्याकडे पाहिलं आणि नजर काढून घेतली.

भालचंद्रांनी पेन उघडलं. 'उपस्थित दोन. सभासदत्वाअभावी शोकठराव संमत करता आला नाही.' खाली नेहमीची ओळ हाताला आपोआप आली. 'चहापानानंतर' लिहून झालं, तेव्हा ते थांबले. तो शब्द त्यांनी सावकाश खोडला.

'चहापान झाले नाही,' त्यांनी लिहिलं. 'सभा संपली.'