रोज तीन तारे

"रोज तीनच्या तीन तारे? मग खेळ तिला फारच सोपा पडतोय, वहिनी. एकदा बघ तरी," शिक्षिका असलेली नणंद म्हणाली होती. मास्तरणीला सगळीकडे खोटच दिसायची, असं म्हणून वहिनीने ते कानाआड केलं. सहा वर्षांची लेक टॅबवर बेरजांचा खेळ खेळायची, आई शेजारी बसून तारे चमकले की टाळ्या वाजवायची. साध्या शिंकेनेही धसका घेणाऱ्या त्या आईला तेवढं एकच सुख बिनघोर होतं.

एका दुपारी लेक खेळताखेळताच जांभया देऊ लागली. आईने वाकून पाहिलं. दोन अधिक एक. महिनाभर पहिलीच पायरी! दुसरी तर केव्हाच खुली झाली होती.

"अगं, पुढे का जात नाहीस?"

"गेले होते एकदा. चुकलं."

"मग?"

"मग तू कपाळाला हात लावलास. तुला बरं वाटावं म्हणून मी हेच खेळते."

आईने स्वतःच दुसरी पायरी उघडून दिली आणि दोन्ही हात मांडीखाली दाबून बसली. लेक तीनदा चुकली. चौथ्यांदा जमलं, तारा एकच मिळाला, पण पोरगी खुर्चीवर उभी राहून ओरडली.

आईने लगेच नणंदेला फोन लावला. "तुझे उपकार कसे फेडू गं?"

"ते राहू दे. आधी भाचीला फोन दे."

तुमच्याही घरात कुणी रोज सगळे तारे आणत असेल, तर आज जरा शेजारी बसा आणि विचारा, "मजा येतेय ना?"